खरं कारण

कर्जतच्या दहिवलीत माझ्या आताच्या घरमालकांकडे भाड्याची खोली बघायला गेले तेव्हा त्यांनी माझं नाव विचारलं नाही, गाव विचारलं नाही. दारात उभं राहून मला वरपासून खालपर्यंत न्याहाळलं आणि म्हणाले, "कर्जतला यायचं खरं कारण काय?"

मी सांगितलं, इथल्या ज्युनिअर कॉलेजात आयटी शिकवायची नोकरी लागली आहे. ते म्हणाले, हे झालं सांगायचं कारण, मी खरं विचारतोय. मग डोंबिवलीला घर आहे तर रोज जाऊन-येऊन का करत नाही, लग्न का केलं नाही, आणि एकटीला वेगळं स्वयंपाकघर कशाला लागतं, असे एकामागून एक प्रश्न आले. शेवटी मी वैतागून म्हटलं, "काका, मला माझ्या आईबरोबर एका घरात राहायचं नाही. हे खरं कारण." त्यांचा चेहरा एकदम मोकळा झाला. आत वळून बायकोला म्हणाले, "चावी आण गं. बाई सरळ हाय."

ते वीज खात्यातून निवृत्त झाले होते. नोकरीची बरीचशी वर्षं चोरी पकडणाऱ्या पथकात गेलेली. तारेवर वायरचा आकडा टाकून फुकट वीज घेणारे लोक त्यांनी कर्जत-खालापूरच्या गावागावांतून हुडकून काढले होते, आणि त्या कामात त्यांची एक समजूत पक्की झाली होती. माणूस तोंडाने जे कारण सांगतो ते मीटरसारखं असतं, लोकांना दिसावं म्हणून पुढच्या भिंतीवर लावलेलं. खरी वायर मागच्या बाजूने आलेली असते. निवृत्त लोक शर्टाच्या खिशात पेन ठेवतात, हे टेस्टर ठेवायचे. तो नळाला लावायचे, खिडकीच्या गजाला लावायचे, माझ्या नव्या लॅपटॉपलाही एकदा लावून बघितला.

बहाण्याला त्यांचा शब्द होता आकडा. शेजारीण विरजण मागायला आली की आकडा टाकून गेली. पेपरवाला नेहमीपेक्षा जास्त हसला की आकडा, त्याला सुट्टी हवी असणार. मी एकदा गाजराचा हलवा नेऊन दिला तर वाटी हातात धरून त्यांनी विचारलं, काय पाहिजे? काही नको, जास्त झाला होता, असं मी म्हटलं. यावर ते म्हणाले की एकटी बाई जास्त करतेच कशाला. हलवा मात्र सगळा खाल्ला, आणि वाटी परत देताना पुन्हा एकदा विचारलं, नक्की काही नको ना?

त्यांच्या पथकाची एक रीत होती, ती ते शाळेतल्या धड्यासारखी समजावून सांगायचे. घरात शिरलं की आधी मेन स्विच बंद करायचा. मग पंख्याकडे बघायचं. मेन बंद असूनही पंखा फिरत असला तर समजायचं, वीज दुसरीकडून येतेय. माणसाचंही तसंच, असं त्यांचं म्हणणं. ज्या कारणासाठी तो येतो ते कारण काढून घ्या. तरीही येत राहिला तर दुसरीकडून काहीतरी चालू आहे. मी त्यांना म्हटलं, की कारण संपल्यावरही माणूस येत राहतो त्याला आम्ही माया म्हणतो. ते म्हणाले, तुम्ही आयटीवाले, तुम्हाला करंटचं काय कळणार.

त्यांची एक गोष्ट काकूंनी, म्हणजे त्यांच्या बायकोने, मला इतक्यांदा सांगितली की मी स्वतः तिथे हजर होते असं वाटायला लागलं. भिवपुरीला काकूंच्या भाचीचं लग्न होतं. मांडवात दिव्यांच्या माळा, मोठाले स्पीकर, सगळा थाट. हे जेवायला बसले, पोटभर जेवले, श्रीखंड मागून घेतलं, आणि हात धुवायला म्हणून मागे गेले ते थेट खांबापाशी. थोड्या वेळाने मांडवातल्या माळा विझल्या आणि सनई अर्ध्यातच बंद पडली. स्वतःच्या साडूने टाकलेला आकडा ह्यांनी कापला होता. "सगळे जेवल्यावर कापला, तेवढी माणुसकी ठेवली मी," असं ते वर मलाच सांगायचे. मी हसले तर त्यांना माझं हसणं कळलं नाही.

त्या लग्नानंतर काकूंच्या माहेरचं कोणी काकांना आधी काही सांगेनासं झालं. काकूही सांगत नसत. विहारातल्या बायकांची सहल, बहिणीचं दुखणं, गॅसचा नंबर, सगळं त्यांच्या कानावर होऊन गेल्यावर जायचं. मी एकदा काकूंना विचारलं तर त्या म्हणाल्या, "त्यांना सांगितलं की चौकशी लागते. सांगितलं नाय तर निदान काम तरी होतं." जगावर संशय घेणारा हा माणूस स्वतःच्या घरात काय चाललंय ते सगळ्यात शेवटी ऐकायचा, आणि त्याला त्याचा पत्ता नव्हता.

त्यांचा एकुलता एक मुलगा सुगत प्रवाशांच्या मोठ्या जहाजावर स्वयंपाकघरात कामाला होता. काही महिने समुद्रावर, काही महिने घरी. एकदा व्हिडिओ कॉलवर त्याने शेजारी उभ्या असलेल्या मुलीची ओळख करून दिली. ही रत्ना, इंडोनेशियाची, जावा बेटावरची, आमच्या जहाजावर लॉन्ड्रीत आहे. मुलगी हसली, दोन्ही हात जोडून नमस्कार केला, आणि जहाजावरच्या मोडक्यातोडक्या इंग्रजीत काकांना त्यांच्या गुडघ्याबद्दल विचारलं.

त्या संध्याकाळी काका जिना चढून माझ्याकडे आले. गुडघा दुखत असताना वर आले म्हणजे प्रकरण गंभीर होतं. पहिली शंका नावाची होती. रत्ना हे नाव तिने आपल्यासाठी घेतलेलं दिसतंय. मी सांगितलं, तिकडे मुसलमान घरांतही रत्ना, देवी, श्री अशी नावं सर्रास असतात. तुम्हाला कसं कळलं? नेटवर आहे. यावर त्यांनी थोडा विचार केला आणि विचारलं, की नेटवर तिनेच टाकलं नसेल कशावरून?

दुसरी शंका फोटोची होती. जहाजावरच्या फोटोत तिच्या डोक्यावर रुमाल नसतो, घरच्या फोटोत असतो, म्हणजे बाई दोन चेहऱ्यांची. मी म्हटलं, "काका, तुम्ही ऑफिसात पँट घालून जायचात आणि घरी लुंगी नेसता. तुमचे किती चेहरे?" दुसऱ्या दिवशी ते दिवसभर पँट घालून बसले.

मग ते फोनवरचा एक फोटो घेऊन आले. सुगतने टाकलेला. जहाजाच्या लॉन्ड्रीत रत्ना त्याला टॉवेलच्या घड्या घालून हत्ती करायला शिकवतेय. प्रवाशांच्या पलंगावर ठेवायला तिथे टॉवेलचे प्राणी करतात. खाली तिच्या मैत्रिणींनी काहीबाही लिहिलं होतं आणि त्यात एक शब्द पुन्हा पुन्हा होता: मोदुस. काकांनी तो पेन्सिलने अधोरेखित केल्यासारखा नखाने काचेवर दाखवला. भाषांतराच्या अॅपने त्याचा अर्थ पद्धत असा दिला, तो काही जुळेना. मी शोधत बसले. तिकडच्या तरुण पोरांचा तो नेटवरचा शब्द निघाला. कोणाच्या तरी जवळ जायला काढलेली सबब म्हणजे मोदुस. वही मागणं मोदुस, पाऊस आहे तर सोडतो म्हणणं मोदुस, एकत्र अभ्यास करू हे तर सगळ्यात जुनं मोदुस. मूळ शब्द गुन्हेगाराच्या कामाच्या पद्धतीचा, पोलिसांच्या भाषेतला.

हे ऐकून काकांना जो आनंद झाला तो मी कधी विसरणार नाही. एका अख्ख्या देशाच्या पोरांनी त्यांच्या आकड्याला नाव ठेवलं होतं, तेही पोलिसी. "बघा," ते म्हणाले, "मी सांगत व्हतो. तिच्या मैत्रिणीच सांगतायत."

मी त्यांना फोटो पुन्हा दाखवला. टॉवेल शिकायला कोण गेलंय? सुगत. स्वयंपाक्याला टॉवेलच्या हत्तीचं काय काम? मैत्रिणी हसतायत त्या तुमच्या मुलाला हसतायत. पण हे त्यांच्या कानात शिरलं नाही. आमचा सुगत? त्याला सरळ खिळा ठोकता येत नाही, तो काय आकडा टाकणार.

त्यानंतर दर चार-सहा दिवसांनी एक नवा शब्द घेऊन त्यांची फेरी ठरलेली. मलाही त्यात रस वाटायला लागला होता. त्या पोरांनी प्रेमाच्या प्रत्येक वळणाला आटोपशीर शब्द करून ठेवला होता. जवळ येण्याच्या काळाला पेडेकाटे. गोडगोड थापांना गोंबाल, म्हणजे खरं तर चिंधी. अशा थापा मनाला लावून घेणाऱ्याला बापेर. आणि जो नुसती आशा दाखवतो, पुढे काहीच करत नाही, तो पेहापे, खोटी आशा देणारा. मी वर्गात मुलांना विचारलं, अशा बहाण्याला तुम्ही काय म्हणता? मागच्या बाकावरून उत्तर आलं, "जर्नल, मॅडम." प्रॅक्टिकलचं जर्नल मागायला जाणं हा आमच्या कॉलेजातला जुना मार्ग, त्यामुळे कोणाचं जुळायला लागलं की त्याचं जर्नल चालू आहे असं ही मुलं म्हणत. काकांना मी हे सांगितलं. ते म्हणाले, आमच्या वेळी असलं काही नव्हतं, आम्ही रीतसर बघायला गेलो आणि पसंत केली.

आतून काकूंचा आवाज आला. "बघायला कुठं? मीटर तपासायला आले व्हते. दोनदा."

"पहिल्यांदा चाक अडकत व्हतं," काका म्हणाले.

"दुसऱ्यांदा मीटर नवीन व्हता," काकू म्हणाल्या, आणि मी तोंडावर पदर नव्हता म्हणून ओढणी घेतली.

रत्ना काकांना रोज निरोप पाठवायची. त्यांना ती पाक म्हणायची, तिकडे वडीलधाऱ्या माणसाला तसं म्हणतात, मूळ अर्थ बाप. अजून कशात काही नाही आणि बाप म्हणायला लागली, असा काकांचा शेरा. गुडघा कसा आहे, गोळी घेतली का, आज काय जेवलात, असले साधेच प्रश्न. काका तिला ऑफिसच्या पत्रासारखी इंग्रजी उत्तरं लिहायचे. आपला निरोप मिळाला. गुडघा पूर्ववत. एकदा तिने एका प्रचंड स्तूपाचा फोटो पाठवला. माझ्या गावाजवळ आहे, बुद्धाचा आहे, सुगत म्हणाला तुम्हाला आवडेल, असं खाली लिहिलेलं. काका फोन हातात धरून कितीतरी वेळ बसले होते. बोरोबुदूरचा हा स्तूप त्यांना पुस्तकातून माहीत होता. मग त्यांच्या डोक्यात पंखा फिरला. आपण बौद्ध आहोत हे हेरून टाकलेला आकडा. फोटो नेटवरून उचललाय का बघा, असं त्यांनी मला सांगितलं, आणि मीही बघितलं. त्या घरात राहून मला त्या रोगाची लागण झाली होती. फोटो उचललेला नव्हता. कोपऱ्यात तिच्या वडिलांची स्कूटर उभी होती आणि स्कूटरवर तिचा धाकटा भाऊ जीभ काढून बसला होता.

मग त्यांनी तिचा मेन बंद करून बघितला. एका सकाळी सविस्तर निरोप लिहिला की गुडघा बरा आहे, औषध चालू आहे, जेवण वेळेवर होतं, आता यापुढे विचारायचं कारण उरलेलं नाही. दुसऱ्या दिवशी तिचा निरोप आला: बरं झालं पाक, आज काही विचारायचं नाही, सहजच लिहिलं. काका विजयी चेहऱ्याने वर आले. पंखा फिरतोय, म्हणाले. मी विचारलं, म्हणजे ती वाईट की चांगली? त्यांच्या नोकरीत या प्रश्नाचं उत्तर नेहमी एकच असे, त्यामुळे त्यांनी तो कधी विचारला नव्हता.

पुढे सुगत सुट्टीवर घरी आला. रत्नाचंही काम संपलं, ती जावाला गेली. थोड्या दिवसांत कर्जतला येऊन सगळ्यांना भेटायचं असं दोघांचं ठरलं होतं. तिने काकांना तसं कळवलं, कोणता महिना बरा, थंडीचे कपडे लागतील का, काकूंना कोणता रंग आवडतो, हेही विचारलं. त्याच सुमाराला तिला दुसऱ्या जहाजावरून बोलावणं आलं. ते स्वीकारलं तर भारतात येणं व्हायचं नाही. ती कामाला नकार देणार होती. घरी तिच्या पैशावर भावाचं शिक्षण चालू होतं, हे आम्हाला तिच्याच बोलण्यातून समजलेलं होतं.

मग एक दिवस तिचा वेगळाच प्रश्न आला. पाक, तुमच्याकडे नेटवर्क नसतं का? सुगत म्हणतो नसतं, म्हणून फोन होत नाही.

काकांनी हा प्रश्न सगळ्या बाजूंनी तपासला. आपल्या घरचं नेटवर्क कसं आहे याच्याशी हिला काय करायचंय? घरातली माहिती बाहेरच्याला द्यायची नाही हा त्यांचा पहिला नियम. त्यांनी लिहिलं: भाग डोंगराळ आहे. नेटवर्कची अडचण असते. तिचं उत्तर लगेच आलं, ठीक आहे पाक, मी वाट बघते. काकांनी मला दोन्ही निरोप दाखवले आणि कसं टोलवलं म्हणून माझ्याकडे बघितलं. मला काहीतरी खटकलं, पण काय ते धड सांगता येईना. अंगणात नेटवर्क चांगलं होतं. त्याच अंगणात बसून त्यांनी तो निरोप पाठवला होता.

सुगत त्या दिवसांत सारखा शेलूला जात होता. तिथे नव्या इमारती उभ्या राहिल्या आहेत, फ्लॅट बघतोय, असं तो म्हणायचा. काकूही दोनदा बरोबर गेल्या. काकांची खात्री झाली की फ्लॅट त्या मुलीसाठी चाललाय. लग्न करून इथे आणणार, आणि आम्हाला कळणार पूजापाठ उरकल्यावर, असं ते माझ्याकडे येऊन बोलले. मग स्वतःच म्हणाले, पूजा कसली, तिचं काय असतं तेही मला माहीत नाही. त्या दिवशी पहिल्यांदा मला त्यांच्या आवाजात संशयापेक्षा भीती जास्त वाटली. मुलगा हातचा जाईल ही साधी बापाची भीती.

एका रविवारी आम्ही सगळे खाली चहा पीत होतो. काकांनी सुगतला सहज विचारलं, शेलूच्या इमारतीत मीटर कुठे बसवलेत? खाली एकत्र, की प्रत्येक मजल्यावर?

सुगत म्हणाला, बघितलं नाही.

काकांनी कप खाली ठेवला. या घरात वाढलेलं पोर नवा फ्लॅट बघून येतं आणि मीटर बघत नाही, हे होणं शक्य नव्हतं. लहानपणी मामाच्या घरी गेलं तरी त्याला आधी मीटर बघायला लावलं जायचं. ते मुलाकडे नुसते बघत राहिले. फार वेळ लागला नाही. काकूच म्हणाल्या की फ्लॅट नाही, मुलगी बघितली. आपल्यातलीच आहे, ठाण्याला लॅबमध्ये कामाला आहे, शेलूला घर आहे, दोन्हीकडून पसंती आहे. तुम्हाला ठरल्यावर सांगणार होतो. येत्या रविवारी ते लोक इकडे येणार आहेत.

मला वाटलं, आता ह्यांना हायसं वाटेल. हवं होतं तेच झालं. परदेशातली मुलगी गेली, आपल्यातली आली. पण काका सुगतला म्हणाले, "आणि तिला काय सांगितलंस?"

"तिला हळूहळू सांगतो, बाबा."

"काय सांगितलंस म्हणून विचारतोय."

"नेटवर्क नाय म्हणून सांगितलं."

काका उठून बाहेर गेले. मी थोड्या वेळाने गेले तर अंगणात उभे होते. मला म्हणाले, की ती माझ्याकडे चौकशी करायला आली होती. खात्री करून घ्यायला. मोठं माणूस खोटं बोलणार नाही म्हणून मला विचारलं, आणि मी त्याच्या खोट्यावर सही केली. "जन्मभर लोकांच्या चोऱ्या पकडल्या मी," ते म्हणाले. "आणि ही पोरगी पहिल्या दिवसापासून माझ्याशी खरं बोलत व्हती, तर मला एकदा खरं वाटलं नाय." त्यांचे डोळे भरले होते. मी जवळ जाऊन उभी राहिले.

त्यांनी सुगतला बजावलं, की तूच सांगायचं, आणि लवकर. सुगत रोज हो म्हणायचा. आज तिकडे सण आहे, आज तिची तब्येत बरी नाही, आज फोन लागत नाही. एकेक कारण काका काढून घेत गेले आणि पोरगा नवीन आणत गेला. शनिवारी रत्नाचा काकांना निरोप आला: सोमवारी जहाजवाल्यांना नकार कळवते आणि तिकीट काढते. काकूंसाठी हिरवं कापड घेतलंय. काकांनी तो निरोप सुगतपुढे धरला. तो वाचून म्हणाला, उद्या पाहुणे गेले की नक्की.

रविवारी पाहुणे आले. मुलगी, तिचे वडील आणि मामा. मला काकूंनी मदतीला बोलावलं होतं. काका कोपऱ्यातल्या खुर्चीत इस्त्रीचा शर्ट घालून बसले होते आणि कोणालाही काही विचारत नव्हते, हेच मला विचित्र वाटत होतं. चहा झाला, सुट्टी किती, पुढचं जहाज कधी, असलं बोलणं झालं. मुलगी शांत होती, पण खाली मान घालून बसणाऱ्यांतली नव्हती. सगळ्यांकडे बघत होती. शेवटी मामांनी तो प्रश्न विचारला जो अशा बैठकीत कोणीतरी विचारतोच, आणि ज्याचं उत्तर सगळ्यांनी आधीच ठरवलेलं असतं. "विचारायचं म्हणून विचारतो. मुलाचं बाहेर कुठं काय नाय ना?"

काकू हसत नाय नाय म्हणू लागल्या होत्या.

"हाय," काका म्हणाले.

काकूंचा चेहरा बघवेना. भिवपुरीच्या मांडवात माळा विझल्या तेव्हा तो असाच झाला असणार. काका सावकाश म्हणाले की जहाजावर एक मुलगी आहे, चांगली आहे, ती याच्या भरवशावर उद्या हातातलं काम सोडणार आहे, आणि आपण इथे चहा पितोय.

मामा उठायच्या बेतात होते. मुलीने त्यांना हाताने थांबवलं आणि सुगतला विचारलं, "तिला माहितीय का, तुम्ही आज आमच्याबरोबर बसलाय ते?"

सुगत बापाकडे बघायला लागला. मग म्हणाला, तिकडे सांगायचं होतं, पण मध्ये नेटवर्कचा जरा...

"अंगणात नेटवर्क फुल हाय," काका म्हणाले. "नाय म्हणून मीच तिला लिवलं व्हतं. आता जा, आणि तिला सांग. तुझं झालं की फोन मला दे. मला तिची माफी मागायचीय."

सुगत फोन घेऊन बाहेर गेला. आतून त्याचा आवाज ऐकू येत नव्हता, फक्त पाठ दिसत होती. काकूंनी डोळे पुसले. शेलूच्या मुलीने आपला कप उचलून ट्रेमध्ये ठेवला. काका खुर्चीचा हात धरून उठले, दुखऱ्या गुडघ्याने दारापर्यंत गेले, आणि आपली पाळी येईपर्यंत उंबऱ्याशी उभे राहिले.